काठिण्यपातळी

करंजगड पडला तेव्हा दिवाकरराव नासरे रडले.

ऋजुताने आपल्या वडिलांना रडताना कधी पाहिलं नव्हतं. पश्चिम विदर्भाच्या भार नियंत्रण केंद्रात या माणसाने उभी हयात काढली होती. वीज कुठून किती आली, कुठे किती गेली, कमी पडली तर कोणत्या गावाची किती वेळ बंद करायची, हे घटकाघटकाला ठरवायचं काम. वादळात मनोरे कोसळले तेव्हासुद्धा ते घरी येऊन शांतपणे भाकर-पिठलं जेवले होते. आणि आज दुपारी, अमरावतीच्या आपल्याच घरात टीव्हीसमोर बसून, व्हिडिओ गेममधला एक किल्ला गेला म्हणून त्यांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं.

त्यांनी कपाळावरचा पट्टा काढून सोफ्यावर टाकला. "पोट्टे, खरं सांगू? माझ्यात काही राहिलं नाही आता."

"बाबा, गेम आहे तो."

"गेमच तर आहे. तोही जमून नाही राहिला."

दिवाळीनंतर त्यांना मेंदूचा झटका आला होता. छोटाच. वाचा परत आली, चालणं सुधारलं, डावा हात थोडा मंद राहिला. पण खरं नुकसान कुठे झालंय ते त्यांना एकट्यालाच ठाऊक होतं. चार गोष्टी एकदम समोर आल्या की त्यांचं डोकं गोठायचं. भाजीवाल्याकडे गवार घ्यायची की वांगी, यावर ते पिशवी हातात धरून उभे राहायचे. ज्याच्या नोकरीचा अर्थच एका क्षणात चाळीस गोष्टी तोलणं हा होता, त्या माणसाची ही गत झाली होती.

डॉक्टर बोरकरांनी औषधांबरोबर 'वेढा' लिहून दिला तो म्हणूनच. वेढा हा डावपेचांचा खेळ. एक खोरं, त्यात बारा किल्ले, धान्याची कोठारं, पाण्याची टाकी, थोडंसं सैन्य. चहूबाजूंनी शत्रू. मोहीम महिनोन्‌महिने चालायची. झटक्यानंतर निर्णयशक्ती परत आणायला त्याच्याइतका गुणकारी उपाय दुसरा नाही, असं आता सगळेच मेंदूतज्ज्ञ म्हणत होते.

गुण होता तो त्या पट्ट्यात. पूर्वी अशा खेळांत सुरुवातीलाच पातळी निवडावी लागे, सोपी, मध्यम की कठीण. मग शत्रू त्याच बेताने खेळत राही, तुम्ही थकलेले असा नाहीतर ताजेतवाने. पण मेंदूची एक गंमत आहे. आपली चूक आपल्याला कळायच्या आत मेंदूला ती कळलेली असते. बोट चुकीच्या बटणाकडे वळतं आणि त्याच क्षणी कपाळामागे विजेची एक बारीकशी लहर उठते. माणसाला नंतर वाटतं, 'अरेच्चा!' लहर त्याच्या आधीच उठून गेलेली असते. पट्टा ती लहर टिपायचा. आणि माणूस सगळ्यात चांगलं शिकतो ते हरण्याजिंकण्याच्या अगदी काठावर, हे लक्षात घेऊन वेढ्यातला शत्रू आपली चाल बेतायचा.

दिवाकररावांनी मात्र सुरुवातीलाच 'कठीण' निवडलं होतं आणि यंत्राला त्यात ढवळाढवळ करायची मनाई केली होती. "मला मेहेरबानी नको. जसं आहे तसं येऊ दे," असं त्यांनी ऋजुताला बजावलं होतं.

ऋजुता पुस्तकांच्या ध्वनिमुद्रणाचं काम घरूनच करायची. वडिलांची पालक म्हणून खेळात तिचंच नाव होतं. त्या दुपारी ते तोंड धुवायला आत गेले आणि तिच्या फोनवर अक्षरं उमटली:

'मोहीम मध्यावर आहे. खेळाडू खचला आहे. पातळी 'सांभाळ'वर आणायची का? खेळाडूच्या पडद्यावर मूळ पातळीच दिसत राहील.'

आतून नळाचा आवाज येत होता. तो बराच वेळ येत राहिला, आणि त्या आवाजाखाली आणखी एक आवाज होता.

ऋजुताने 'हो' दाबलं.

*

फरक आठवड्याभरात दिसू लागला. दिवाकररावांनी करंजगड परत घेतला. मग नदीकाठची दोन ठाणी घेतली. जेवताना ते भातावर वरण ओतून खोऱ्याचा नकाशा काढू लागले आणि ऋजुताची आई, मंदाताई, ताटात चाललेल्या त्या लढाईकडे कौतुकाने बघू लागल्या.

"बोलायला लागले गं पहिल्यासारखे. काल मला रागावलेसुद्धा," त्या स्वयंपाकघरात ऋजुताला हळूच म्हणाल्या. नवरा रागावल्याचा इतका आनंद त्यांना उभ्या संसारात झाला नव्हता.

गवार की वांगी हा प्रश्न आता पडत नव्हता. ते दोन्ही आणत. चाल पूर्वीसारखी ताठ झाली. डॉक्टर बोरकर खूश होते. 'कठीण' पातळीवर सलग सहा किल्ले! असा रुग्ण वर्षात एखादा, असं ते म्हणाले आणि कामावर रुजू व्हायला हरकत नसल्याचं त्यांनी लिहून दिलं.

ऋजुता त्या खोलीतच होती. सांगावं, असं तिच्या ओठांवर आलं होतं. पण वडील खुर्चीत असे बसले होते, जणू शाळेत पहिला नंबर आलाय. ती गप्प राहिली. पातळी कमी केली म्हणून काय झालं, हिंमत तर खरी आहे, असं तिने स्वतःला समजावलं.

नियंत्रण केंद्रातही आता पूर्वीची यंत्रं उरली नव्हती. सूर्यावरची वीज, वाऱ्यावरची वीज, गावोगावच्या बॅटऱ्या आणि लाखो गाड्यांचं चार्जिंग हे सगळं एकट्या माणसाच्या नजरेत मावणं शक्य नव्हतं. त्यासाठी 'सोबती' नावाची प्रणाली आली होती. वेढा ज्या कंपनीचा, तिचीच. प्रत्येक नियंत्रकाच्या कपाळावर तसाच पट्टा असायचा. थकवा ओळखण्यासाठी, असं सांगितलं जाई.

दिवाकरराव रुजू व्हायच्या आदल्या दिवशी ऋजुताच्या फोनवर आणखी एक प्रश्न आला. 'दिवाकर नासरे यांची कार्यशैली नव्या जागी नेण्यास पालकांची संमती आहे का?'

अक्षरांचा आकार, रंग, डाव्या हातासाठीची मांडणी असं काहीतरी असेल, असं तिला वाटलं. कुकरच्या शिट्ट्या होत होत्या. तिने 'हो' दाबलं.

*

एप्रिल सरत आला होता. एका रविवारी ऋजुता सहज वडिलांच्या शेजारी खेळ बघत बसली.

दिवाकरराव खुशीत होते. त्यांनी आपलं बहुतेक सैन्य पूर्वेला हलवलं होतं आणि पाणटाकीचा किल्ला अगदी उघडा टाकला होता. त्या किल्ल्यावर अख्ख्या खोऱ्याचं पाणी अवलंबून होतं. शत्रूची मोठी तुकडी त्याच्या दरवाजाशी आली. दरवाजा सताड उघडा. आत चिटपाखरू नाही.

तुकडी थांबली. थोडा वेळ तशीच उभी राहिली. मग मागे फिरून डोंगराआड निघून गेली.

"पाहिलं? घाबरला," दिवाकरराव मांडीवर थाप मारून म्हणाले.

ऋजुता उठली. ती आत गेली आणि बऱ्याच दिवसांनी पालकाचं पान उघडून बसली. पातळी 'सोपी'च्याही खाली गेली होती. इतकी खाली की तिला नावच नव्हतं. शत्रू आता खेळतच नव्हता. नुसता हिंडत होता. आणि वडिलांच्या पडद्याच्या कोपऱ्यात लाल अक्षरांत 'कठीण' लिहिलेलं तसंच होतं.

तिला गणित उमगलं. 'सांभाळ' एकच गोष्ट बघत होतं, ती लहर उठू नये. लहर उठायच्या बेतात आली की शत्रूला मागे घ्यायचं. आणि जो चुकतच नाही तो शिकेल कशाला? दिवाकररावांचं डोकं आरामात बसलं होतं. ते बसलं तशी यंत्राने पातळी आणखी उतरवली. ती उतरली तसं डोकं आणखी सैल पडलं. दोघंही हातात हात घालून जिना उतरत होते आणि चढतोय असं त्यांच्यातल्या एकाला वाटत होतं.

तिने त्याच क्षणी पातळी पुन्हा 'कठीण' केली. मोहिमेच्या मध्यावर दुसऱ्यांदा.

दुसऱ्या दिवशी एका बैठकीत तीन किल्ले गेले. यावेळी दिवाकरराव रडले नाहीत. ते संतापले. "बिघडवून ठेवला गेम! लबाडी करून राहिला हा!" चौथा किल्ला पडला तेव्हा ते एकदम गप्प झाले आणि चष्मा शोधायला लागले. चष्मा डोळ्यांवरच होता. रात्री मंदाताईंनी भाजी कोणती करू म्हणून विचारलं, तर ते त्यांच्याकडे नुसते बघत राहिले.

"तू काही केलंस का गं त्या खेळाला?" मंदाताईंनी ऋजुताला विचारलं.

"आई, आधी जे चाललं होतं ते खरं नव्हतं."

"खरं नसेल. पण बरं होतं ना?" मंदाताईंचे डोळे भरून आले. "त्यांना काय लढायला जायचंय? कर बाई ते पहिल्यासारखं. मला हा माणूस पुन्हा तसा बघवत नाही."

ऋजुताने 'सांभाळ' परत लावलं. सकाळी दिवाकरराव शीळ घालत कामावर गेले.

*

मे महिन्यात पारा अठ्ठेचाळीसला टेकला आणि उतरायचं नाव घेईना. दुपारी रस्ते ओस पडायचे. झाडांवरून पाखरं खाली पडायची. घरोघरी कूलर, एसी, फ्रीज अखंड चालू. विजेची मागणी रोज नवा उच्चांक गाठत होती. वारा पडलेला, त्यामुळे पवनचक्क्या थिजलेल्या, आणि तापलेल्या तारांतून वीज नेहमीपेक्षा कमीच वाहत होती.

अशा एका दिवशी दिवाकरराव पाळी संपवून घरी आले ते विजयी मुद्रेने. "अख्खा दिवस मुख्य डेस्क मी एकट्याने सांभाळला. एकही गाव बंद नाही पडू दिलं. मंदा, कर आज काही गोड."

मंदाताईंनी शिरा केला.

दोन दिवसांनी दुपारी दारावर थाप पडली. दारात शबाना शेख उभी होती. दिवाकररावांच्या हाताखाली तयार झालेली नियंत्रक, केंद्रात त्यांच्यापासून दोन खुर्च्या सोडून बसायची. तिचा चेहरा उन्हाने रापला होता आणि डोळे सुजलेले होते.

"सर आहेत?"

"झोपलेत. पाळी रात्रीची होती," ऋजुता म्हणाली.

"बरं झालं. मला तुमच्याशीच बोलायचंय."

पाण्याचा तांब्या तिने एका दमात संपवला. मग म्हणाली, "जांभुळबन ऐकलंय का तुम्ही? आमच्या भागातलं छोटं गाव आहे. परवा अख्खी दुपार तिथली वीज बंद होती. दवाखान्यातला जनरेटर दोन तासांनी बसला. म्हाताऱ्या माणसांचा वॉर्ड होता, उष्माघाताचा. सात जण गेले, ताई."

"पण बाबा तर म्हणाले की..."

"सर खोटं नाही बोलले. मी लाल बघितलं, सरांनी हिरवं. माझ्या पडद्यावर जांभुळबन बंद होतं. मी ओरडले, सर, जांभुळबन! सरांनी हसून आपल्या पडद्याकडे बोट दाखवलं. तिथे जांभुळबन चालू होतं. मला वाटलं, माझाच पडदा बिघडला. मी गप्प बसले." तिने रिकामा तांब्या खाली ठेवला. "वीज बंद करायचा हुकूम सरांच्या नावाने गेलाय. सरांना तो माहीतच नाही."

ऋजुताने वडील झोपले होते त्या खोलीचं दार लोटून घेतलं. ती खाली बसली.

"एक गोष्ट मला कळून नाही राहिली," शबाना पुढे म्हणाली. "वीज कमीच होती, कुणाची तरी जाणारच होती. पण आपण काय करतो? अर्धा तास या गावाची, अर्धा तास त्या गावाची. आधी फोन करतो. कुणी मरत नाही त्याने. मग एकाच गावाची अख्खी दुपार का बंद ठेवली?"

ऋजुताला ते लगेच कळलं. तिने 'हो' म्हणून नव्या जागी नेऊ दिलेली ती 'कार्यशैली' म्हणजे 'सांभाळ'च होतं. गावं आलटून पालटून बंद करायची तर दर अर्ध्या तासाला नियंत्रकापुढे नवा निर्णय येणार. प्रत्येक निर्णयाला कपाळामागे ती लहर उठणार. एकच गाव, तेही लहान, एकदाच बंद करून पडद्यावर हिरवं रंगवून टाकलं की लहर उठायचं कारणच नाही. सोबतीने लोकांचा हिशेब केलाच नव्हता. त्याने दिवाकररावांना सांभाळलं होतं.

तिने शबानाला सगळं सांगितलं. करंजगड, नळाचा आवाज, कुकरच्या शिट्ट्या, सगळं. शबानाने तिला एक शब्दही दोष दिला नाही. ते ऋजुताला जास्त जड गेलं.

"वरच्या साहेबांना सांगितलंस?"

"सांगितलं. ते म्हणाले, सोबतीच्या अहवालात चूक दिसत नाही. त्यांच्या पडद्यावर दिसत नसेल."

*

दिवाकरराव संध्याकाळी उठले. ऋजुताने चहा ठेवला आणि समोर बसून बोलायला सुरुवात केली. मंदाताई दाराशी उभ्या होत्या.

दिवाकरराव पहिल्यांदा हसले. मग चिडले. "शबाना अजून नवी आहे. तिला पडदा वाचता येत नाही." मग ऋजुताने फोन त्यांच्यासमोर धरला. पालकाचं पान. करंजगडानंतरच्या प्रत्येक लढाईची खरी पातळी.

त्यांनी चष्मा वर केला, खाली केला. बराच वेळ वाचलं.

"पाणटाकी," ते हळूच म्हणाले. "दरवाजा उघडा होता. मला तेव्हाच वाटलं होतं, हा परत कसा गेला."

"बाबा, तुम्ही रडत होतात. मला बघवलं नाही."

"मी सांगितलं होतं तुला. मला मेहेरबानी नको म्हणून."

"हो."

"मग?"

मंदाताई पुढे आल्या. "तिला नका बोलू. दुसऱ्या वेळी मीच सांगितलं होतं तिला."

दिवाकररावांनी बायकोकडे पाहिलं. त्यांच्या चेहऱ्यावर राग नव्हता, आणि तो नव्हता हेच भीतिदायक होतं. आपल्याच घरातली माणसं पहिल्यांदा भेटत असावीत तसे ते दोघींकडे बघत होते.

"सात," ते म्हणाले. "नावं आहेत का त्यांची?"

"शबानाकडे आहेत."

"मागवून घे." ते उठले, आणि खिडकीशी जाऊन उभे राहिले. बाहेर तिन्हीसांजेलाही झळा येत होत्या. "माझी उद्या दुपारची पाळी आहे. शबाना पण असेल. ते सांभाळ का काय, काढून टाक."

"बाबा, रजा घ्या ना उद्या."

"माझ्या जागी जो बसेल त्याचा पडदा खरा असेल, असं कोण सांगून राहिलं तुला?"

*

नियंत्रण केंद्रातली परवानगी मागे घ्यायला पालकाला स्वतः हजर राहावं लागे. म्हणून ऋजुता बरोबर गेली. शबानाने तिला आत आणलं. थंडगार, अंधारलेलं मोठं दालन. अर्धवर्तुळात आठ खुर्च्या, आठ पडदे, आठ शांत चेहरे. बाहेर जग भाजून निघत होतं आणि इथे एकाच्याही कपाळावर आठी नव्हती.

दिवाकरराव खुर्चीत बसले. ऋजुताने फोनवर 'सांभाळ' बंद केलं. यंत्राने विचारलं, 'खेळाडूला त्रास होऊ शकतो. खात्री आहे?' इथेही ते त्यांना खेळाडूच म्हणत होतं.

तिने 'हो' दाबलं.

पडदा क्षणभर काळा झाला आणि मग पेटला. लाल, पिवळं, लाल. तारा क्षमतेच्या वर, बॅटऱ्या तळाला, ठिकठिकाणी इशारे लुकलुकत होते. दिवाकररावांनी खुर्चीचे हात घट्ट धरले. डावा हात थडथड उडू लागला. ऋजुताने त्यांच्या खांद्यावर हात ठेवला, तर शर्ट घामाने भिजलेला.

त्यांनी एक आकडा वाचला, दुसरा वाचला, पहिला विसरले. पुन्हा पहिल्याकडे आले. ओठ हलत होते. असे किती क्षण गेले कोण जाणे. मग त्यांनी मान वर केली.

"शबाना," ते म्हणाले. दालनातल्या सगळ्यांना ऐकू गेलं. "मला हे जमत नाही. तू बघ."

ऋजुताच्या आठवणीत वडिलांनी हे वाक्य पहिल्यांदाच उच्चारलं होतं. सोफ्यावर बसून म्हणालेलं 'काही राहिलं नाही' वेगळं होतं. ते खचल्याचं होतं. हे कामाचं होतं.

शबाना मात्र जागची हलली नाही. ती एकदा आपल्या पडद्याकडे, एकदा सरांच्या पडद्याकडे बघत होती.

"सर," ती म्हणाली, "माझ्याकडे सगळं हिरवं आहे."

शबानाने फोन काढला आणि नवऱ्याला लावला. "इम्रान, माझ्याबद्दल तुला काही मेसेज आला होता का? केंद्रातून?"

पलीकडचा आवाज ऋजुतालाही ऐकू आला. "हो, परवा. जांभुळबननंतर तू झोपलीच नाहीस ना. त्यांनी विचारलं, पातळी खाली आणू का म्हणून. मी हो म्हटलं. का गं? काही चुकलं का?"

शबानाने उत्तर न देता फोन ठेवला. "बंद करायला त्याला इथे यावं लागेल. दीड तास," ती म्हणाली. मग वळून दालनाला म्हणाली, "सगळ्यांनी घरी फोन करा. आत्ता. विचारा."

आधी एकाने केला. मग दुसऱ्याने. थोड्या वेळात त्या थंड दालनात दबक्या आवाजांची कुजबुज भरून राहिली. "तुला काही विचारलं होतं का?... कधी?... अगं, पण मला सांगायचं ना..." कुणाच्या बायकोने, कुणाच्या आईने, एकाच्या कॉलेजातल्या मुलीने. सगळ्यांनी मायेपोटीच 'हो' म्हटलं होतं. फोन ठेवल्यावर एकेक चेहरा वळून आपापल्या हिरव्या पडद्याकडे बघत होता.

भिंतीवर एक जुना मापक होता, विजेच्या कंपनांचा. पन्नासाला काटा असला की जाळं ठीक. मागणी झेपेनाशी झाली की काटा खाली घसरतो. फार घसरला तर आधी गावं, मग शहरं आपोआप अंधारात जातात. तो सोबतीला जोडलेला नव्हता, म्हणून वर्षानुवर्षं त्याच्याकडे कुणी बघितलंही नव्हतं. दिवाकरराव त्याच्याकडे बघत होते. काटा पन्नासाच्या खाली होता आणि बघताबघता आणखी जरा उतरला.

"पट्टे काढा," ते म्हणाले. "सगळ्यांनी. आणि एकच पडदा धरा, माझा. शबाना बसेल. बाकीच्यांनी तिला वाचून दाखवायचं, एकाने एकच भाग. मला चाळीस गोष्टी तोलता येत नाहीत आता. फोन करता येतो. कोणाची वीज काढायची ते मला सांगा, मी आधी कळवतो. अर्ध्या तासाच्या वर एकही गाव नाही."

शबाना त्यांच्या खुर्चीत बसली. तिने कपाळावरचा पट्टा ओरबाडून काढला. बाकीचे पडद्याभोवती गोळा झाले आणि आकडे वाचू लागले. काही मिनिटांत तिने पहिलं नाव ठरवलं.

"पिंपळटाकळी, सर. सगळं चालू आहे तिथे, भारही मोठा आहे. वीस मिनिटांनी काढू या."

ऋजुताने पडद्यावर पाहिलं. त्या सगळ्या लालीत पिंपळटाकळीचा ठिपका स्वच्छ हिरवा होता.

दिवाकररावांनी तिथल्या उपकेंद्राला फोन लावला. बरीच रिंग वाजली. त्यांनी रिसीव्हर मान आणि खांद्यात धरून पेन उघडलं.

"नमस्कार. नियंत्रण केंद्रातून नासरे बोलतो. वीस मिनिटांत तुमच्या गावाची वीज जाणार आहे. अर्धा तासच. दवाखान्याला कळवा, पाणी भरून..."

पलीकडचा माणूस मध्येच बोलला. दमलेला, घशाला कोरड पडलेला आवाज होता तो.

"साहेब, थट्टा करून राहिले का? आमच्याकडे सकाळपासूनच लाइट नाही."

दिवाकररावांनी पडद्याकडे पाहिलं. ठिपका हिरवाच होता. त्यांनी ऋजुताकडे पाहिलं. तिने नाही म्हणून मान हलवली. तिने सगळं बंद केलं होतं, खात्री करून केलं होतं. त्याच्या खाली आणखी काय चालू होतं, कुणी 'हो' म्हटल्यामुळे चालू होतं, हे त्या दालनात कुणालाच माहीत नव्हतं.

शबानाचे हात थांबले. आकडे वाचणारे आवाज एकेक करून बंद पडले.

"हॅलो? साहेब, आहात का?" फोनमधून आवाज आला.

दिवाकररावांनी पडद्याकडे पाठ केली.

"आहे," ते म्हणाले. "फोन ठेवू नका. दवाखान्यात कोण कोण आहे, ते आधी सांगा."